आधी माझं सांगा

डॉक्टर निकुंभ जायला वळले तेव्हा त्यांच्या पांढऱ्या कोटाचं टोक लतिकाबाईंच्या मुठीत होतं.

हे टोक त्यांनी मोठ्या तयारीनं पकडलं होतं. राउंडची वेळ झाली तशी त्या सरकत सरकत पलंगाच्या कडेला आल्या होत्या, सुई न लावलेला हात चादरीखालून मोकळा काढून ठेवला होता, आणि डॉक्टर त्यांच्याकडे पाठ करून फोनवर कुणाला तरी ‘हो, हो, पाठवून दे’ म्हणत होते तेवढ्यात त्यांनी डाव साधला होता. आता जाईल कुठे हा माणूस? डॉक्टरांनी पाऊल उचललं. कोट ताणला गेला. डॉक्टरांनी मागे न बघताच हात मागे नेला, कापड पलंगाच्या दांड्याला अडकलंय अशा समजुतीनं लतिकाबाईंची बोटं एकेक करून सोडवली, कोट झटकला आणि बोलत बोलत वॉर्डाबाहेर निघून गेले.

बोटं सोडवली! माणसाचं बोट आणि लोखंडाची दांडी यांतला फरक ज्याला कळत नाही त्याच्यापुढे आपण गळा धरला होता, या विचारानं लतिकाबाईंनी गळ्यावरची पट्टी चाचपली.

“डॉक्टर,” त्या म्हणाल्या. पण ते त्यांचं त्यांनाच ऐकू आलं.

खरी अडचण तीच होती. गळ्यातली थायरॉइडची गाठ काढली आणि तेव्हापासून आवाज जो बसला तो बसलाच. एरवी पंचवटीतल्या घराच्या तिसऱ्या मजल्यावरून हाक मारून गल्लीच्या तोंडाशी पोचलेल्या भाजीवाल्याला परत फिरवणारी ही बाई. आता पाणी मागायचं तरी खुणा कराव्या लागत होत्या. ‘येईल काकू, आवाज येईल,’ असं सिस्टर सविता रोज म्हणायची, पण तीही बोलताना कुणाच्या तरी सलाइनकडे बघत असायची.

आवाजाचं एक वेळ सोडा. काढलेली गाठ तपासायला पाठवली होती, त्याचं काय? चार दिवसांत रिपोर्ट येतो म्हणाले होते. ते दिवस उलटून गेले. कॅल्शियम कमी आहे म्हणून घरी सोडत नव्हते. बोटांना मुंग्या येत होत्या हे खरं, पण मुंग्या येतात म्हणून कुणी माणसाला इतके दिवस अडकवून ठेवतं का? लतिकाबाईंचं मत पक्कं होतं. रिपोर्ट आलाय. वाईट आहे. आणि ही सगळी मंडळी मिळून तो आपल्यापासून लपवतायत.

पुरावे हवे तेवढे होते. रिपोर्टचं विचारलं की सविता गोड हसायची, आणि सविता हसणाऱ्यातली नव्हती. फाइल आधी पलंगाच्या पायथ्याशी लटकलेली असे, ती कालपासून दिसेनाशी झाली होती. आदल्या दुपारी लतिकाबाईंनी झोपेचं सोंग घेऊन कान टवकारले होते. दोन शिकाऊ डॉक्टर पलंगाशी येऊन उभे राहिले, आणि एक दुसऱ्याला म्हणाला, “गंगापूर धरणाकडच्या रस्त्याला चांगली आहे, पण तिखट फार.” दुसरा म्हणाला, “रविवारी बघू.” मग दोघं निघून गेले. मिसळीबद्दलच बोलत असणार, हे लतिकाबाईंना कळत होतं. तरीपण पेशंटच्या पायाशी उभं राहून मिसळ? त्यामागे काहीतरी असणारच, असं त्यांनी ठरवून टाकलं.

“पाहिलंत?” त्या शेजारच्या पलंगाकडे वळून कुजबुजल्या.

“पायलं ना,” शेजारच्या नवसाबाई म्हणाल्या. “मला वाटलं, आता निघतोय कोट डाक्तरचा.”

नवसाबाई पेठ तालुक्याकडच्या. त्यांच्या पित्तातले खडे काढले होते. ते त्यांनी बाटलीत घालून उशाशी ठेवले होते आणि येणाऱ्याजाणाऱ्याला कौतुकानं दाखवत होत्या. डॉक्टर त्यांच्याकडेही बघत नसत, पण त्यांचं त्यावाचून काही अडत नव्हतं.

“मला बघून काय करील तो?” त्या म्हणायच्या. “खडं बघितलं ना त्यानं, झालं.”

लतिकाबाईंना या बाईचा हेवा वाटायचा. आपलं दुखणंही असं बाटलीत घालून हलवून बघता आलं असतं तर किती बरं झालं असतं!

तेवढ्यात नवसाबाईंनी घाईघाईनं पदर सारखा केला आणि ताठ बसून तोंडभर हसू आणलं. याचा अर्थ दारातून गुरुजी येत होते.

“मी बरी हाय हां महाराज,” नवसाबाई त्यांना बघताच म्हणाल्या. “लय बरी हाय. उद्या घरीच चालले.”

वेणीमाधव गुरुजी म्हणजे लतिकाबाईंचे यजमान. रामकुंडावरचे तीर्थोपाध्याय. अस्थी घेऊन आलेली माणसं, दहावं, श्राद्ध हे त्यांचं रोजचं काम. धोतर, उपरणं, कपाळावर गंध अशा वेशात ते डबा घेऊन वॉर्डात शिरले की अर्ध्या पलंगांवरची माणसं ओळखीचं हसत आणि उरलेली अर्धी घाबरत. नवसाबाईंच्या दिराचं सगळं गुरुजींनीच केलं होतं. त्यामुळे गुरुजी दिसले की आपण ठणठणीत आहोत हे त्यांना सांगून टाकलेलं बरं, असं नवसाबाईंना वाटायचं. एकदा तर नव्यानं दाखल झालेल्या आजींच्या सुनेनं सविताला बाजूला घेऊन विचारलं होतं, “आम्ही तर सांगितलं नव्हतं, मग यांना कुणी बोलावलं?”

“आले होते?” गुरुजींनी पिशवीतून मोसंबी काढत विचारलं.

“आले आणि गेले.”

“काही म्हणाले?”

“माझी बोटं सोडवली.”

“हं,” गुरुजी म्हणाले. “बरं झालं.”

“बरं झालं म्हणजे?”

“म्हणजे, घाईत असतील गं. मोठा माणूस. दहा व्याप.” आणि ते खाली मान घालून मोसंबी सोलू लागले.

या माणसाचा भोळेपणा! लतिकाबाईंना चीड आली. डॉक्टर लोक यांना किती सहज गुंडाळतात! खरं म्हणजे या दवाखान्यात लतिकाबाईंचा वैरी कुणी असेल तर तो गुरुजींचा लौकिक. डॉक्टर झाला तरी त्याच्याही घरी माणसं मरतात, बहिणींची लग्नं अडतात, नव्या घरात बायकोला झोप लागत नाही. प्रत्येकाच्या मनात गुरुजींना विचारायचं एक तरी असतंच. त्यामुळे इतर पलंगांवर डॉक्टर निदान ‘जेवलात का’ एवढं तरी विचारत. लतिकाबाईंच्या पलंगाशी आले की गुरुजी भेटत, आणि लतिकाबाई बाजूला राहत.

दुपारी तेच झालं. डॉक्टर यशश्री आली. तिशीही न गाठलेली मुलगी, सतत धावपळीत, गळ्यात स्टेथोस्कोप आणि हातात दोन फोन. पण आज तिच्या काखेत फाइल होती. लतिकाबाईंचं लक्ष फाइलवर खिळलं. यशश्रीनं दोन्ही फोन खिशात टाकले. ती चक्क लतिकाबाईंकडे बघत म्हणाली, “काकू, सरांनी सांगितलंय की तुमच्याशी जरा…”

“काय डॉक्टरीणबाई,” गुरुजी म्हणाले, “त्या मंगळाचं काय झालं?”

“मंगळाचं?” यशश्री गोंधळली.

“परवा म्हणत होतीस ना, मुलाकडचे पत्रिकेवर अडून बसलेत. जन्मवेळ नीट आहे ना तुझी? घड्याळ कुणाचं होतं? दवाखान्याचं की घरचं?”

“ते… आईला विचारायला हवं.”

“विचार. आत्ता विचार. अर्ध्या तासानं मंगळाचं घर बदलतं.”

यशश्रीनं लतिकाबाईंकडे बघितलं, गुरुजींकडे बघितलं, आणि लग्नाच्या मुलीनं जे करावं तेच केलं. आईला फोन लावला. फोनवर आई घड्याळाचं सांगता सांगता वेणा कुठे सुरू झाल्या इथून सांगू लागली. तोवर दुसरा फोन वाजला, आयसीयूतून बोलावणं आलं, आणि यशश्री फाइलसकट पळाली.

“बघितलंत?” लतिकाबाईंच्या घशातून आवाजाऐवजी नुसती हवा आली. “फाइल होती तिच्या हातात! सांगायला आली होती. पण सांगायचं जिवावर आलं, म्हणून मंगळ काढून बसली.”

“तरुण पोर आहे,” गुरुजी म्हणाले. “लग्नाची काळजी असतेच.”

“आणि मला कसलीच नाही?”

गुरुजींनी मोसंबीची फोड पुढे केली. लतिकाबाईंनी ती घेतली नाही.

त्या पडून विचार करू लागल्या. हात पुरत नाही, आवाज पुरत नाही. मग काय पुरेल? थोड्या वेळानं त्यांनी गुरुजींना खूण करून जवळ बोलावलं.

“देवघरातली घंटा घेऊन या.”

“घंटा?”

“पितळेची. मोठी.”

“अगं, ती पूजेची घंटा. दवाखान्यात कशी आणायची?”

“देवाला जागं करायला चालते ना? मग डॉक्टरला का नाही चालणार? जा तुम्ही. नाहीतर मी राउंडला खाली उतरून त्यांच्या पायांत आडवी पडेन. बघा मग.”

ही बाई पडेल, हे गुरुजींना माहीत होतं. ते उठले. जाताना दाराशी थांबून म्हणाले, “डॉक्टर कुणी आलेच तर म्हणावं, मी आलो की बोला.” आणि निघून गेले.

ते गेल्यावर सविता गोळ्या घेऊन आली. इकडे तिकडे बघत म्हणाली, “गुरुजी गेले वाटतं? सर विचारत होते. काल दोनदा केबिनमध्ये बसवून घेतलं होतं त्यांना.”

“कुणाला?”

“गुरुजींना. सरांनी.” सविताच्या लक्षात आलं की आपण नको ते बोललो. ती गोड हसली आणि पुढच्या पलंगाकडे गेली.

लतिकाबाई गोळी हातात धरून तशाच बसल्या. दोनदा. केबिनमध्ये. आणि घरी येऊन, म्हणजे इथे पलंगाशी येऊन, हा माणूस त्याबद्दल अवाक्षर बोलला नाही! इतका वेळ त्या डॉक्टरांवर संशय घेत होत्या. आता संशयानं तोंड फिरवलं. आपला नवरा. ज्याला साखर किती घातली हेसुद्धा लपवता येत नाही, तो इतकं लपवतोय? काय सांगितलं असेल त्याला? किती दिवस उरलेत, ते? म्हणून ही मोसंबी? म्हणून काल रात्री पायाशी बसून पाय चेपत होता? संसारात कधी चेपले नव्हते ते!

त्यांना एकदम भीती वाटली. आतापर्यंत रागानं ती झाकून ठेवली होती, आता ती उघडी पडली. डोळ्यांना पाणी लागलं आणि हातापायांतल्या मुंग्या वाढल्या.

“काय झालं, ताई?” नवसाबाईंनी विचारलं.

“काही नाही. कॅल्शियम.”

“मंग रडू नका. कॅल्शम वाहून जाईल.”

गुरुजी परतले ते घंटा सोवळ्याच्या पंच्यात गुंडाळून. नवसाबाईंनी नेहमीप्रमाणे आपण बरं असल्याचं सांगितलं. गुरुजींनी घंटा लतिकाबाईंच्या हातात दिली. त्यांनी ती चादरीखाली ठेवली आणि नवऱ्याकडे रोखून बघितलं.

“काल निकुंभांनी बोलावलं होतं तुम्हाला?”

गुरुजींनी उपरणं झटकून खांद्यावर घेतलं. “हो. त्यांच्या घराची वास्तुशांत करायची आहे. मुहूर्त विचारत होते.”

“दोनदा?”

“दोन घरं आहेत त्यांची.”

दोन घरं असतीलही. पण गुरुजींची नजर लतिकाबाईंकडे नव्हती, खिडकीकडे होती. खिडकीबाहेर बघण्यासारखं काही नव्हतं. पार्किंगमधल्या मोटारी होत्या.

संध्याकाळी राउंड आला. डॉक्टर निकुंभ पुढे, यशश्री मागे, तिच्यामागे ते मिसळवाले दोघे. निकुंभांच्या कानाला फोन होताच. पहिल्या पलंगाशी मिनिटभर, दुसऱ्या पलंगाशी तेही नाही, नवसाबाईंच्या खड्यांना एक नजर. मग ते लतिकाबाईंच्या पायथ्याशी आले, फोनवर “एक सेकंद, एक सेकंद” म्हणाले, कागद बघून मान हलवली आणि वळले.

लतिकाबाईंनी चादरीखालून हात काढला आणि घंटा वाजवली.

नुसती टुणटुण नव्हे. आरतीला वाजवतात तशी, मनगट फिरवून, दणदणीत. सबंध वॉर्ड दचकला. नवसाबाईंनी तत्काळ हात जोडले, आणि जोडलेल्या हातांनीच घाबरून इकडे तिकडे बघत म्हणाल्या, “कोण गेलं काय?” कोपऱ्यातल्या आजी उठून बसल्या आणि पलंगावरच ‘गोविंद, गोविंद’ करू लागल्या. मिसळवाल्यांपैकी एकानं डोळे मिटून छातीला हात लावला. आणि खुद्द डॉक्टर निकुंभांनी फोन कानाचा काढून खिशात टाकला होता, त्यांचा डावा पाय बुटातून अर्धा बाहेर आला होता.

मग त्यांच्या लक्षात आलं. ते ओशाळले, पाय बुटात घातला आणि मनापासून हसले. कितीतरी दिवसांत पहिल्यांदाच ते लतिकाबाईंकडे बघत होते. हसता हसता जवळ आले. आणि जवळ येता येता त्यांचं हसू ओसरलं. आता ते काहीतरी सांगणार होते, हे लतिकाबाईंना स्पष्ट दिसलं.

“काकू…”

“डॉक्टरसाहेब,” गुरुजी पुढे झाले, “मातोश्रींचं वर्षश्राद्ध जवळ आलं असेल ना हो? माझ्या सकाळपासून मनात आहे. तिथी बघून ठेवायला हवी. आयत्या वेळी धावपळ होते. आणि पिंडाला…”

डॉक्टरांचं तोंड अर्धवट उघडं राहिलं. हात फाइलवरून खाली आला.

लतिकाबाई बघत होत्या. डॉक्टरांकडे नाही, नवऱ्याकडे. आणि त्यांना लख्ख दिसलं की विचारणारा डॉक्टर नव्हताच. मंगळ यशश्रीनं काढला नव्हता. वास्तुशांतीचं निकुंभांनी विचारलं नसणार. त्यांना नवऱ्याची कामाची पद्धत माहीत होती. लग्न होऊन आल्यापासून घाटावर डबा घेऊन जाताना त्यांनी ती कितीदा बघितली होती. अस्थींचं मडकं हातात घेतलेल्या माणसाला ऐनवेळी हुंदका फुटतो. त्याला ‘रडू नका’ म्हणून उपयोग नसतो. गुरुजी त्याला गोत्र विचारत. मग आजोबांचं नाव. मग पणजोबांचं. पणजोबांचं नाव आठवता आठवता त्याचा हुंदका आत जाई, आणि काम पुढे सरके. माणसाला कुठल्या क्षणी प्रश्न विचारला म्हणजे तो बोलायचं ते बोलत नाही, हे या माणसाइतकं नाशकात कुणाला कळत नव्हतं.

इथे रडणारं तर कुणीच नव्हतं. पण गुरुजींनी उपरण्याचं टोक बोटाला गच्च गुंडाळलं होतं, इतकं की बोट पांढरं पडलं होतं, आणि ते बोलतच होते, दर्भाचं, तिळाचं, ब्राह्मण किती सांगायचे याचं, श्वासही न घेता.

म्हणजे हा लपवत नव्हता. याला ऐकायचंच नव्हतं.

लतिकाबाईंनी पुन्हा घंटा वाजवली. या वेळी गुरुजींकडे बघून, आणि हळू. गुरुजी थांबले.

“तुम्ही जरा बसा,” त्या म्हणाल्या. मग निकुंभांकडे वळल्या. “डॉक्टर, आधी माझं सांगा.”

निकुंभांनी स्टूल ओढलं आणि बसले. बसल्यावर त्यांचा चेहरा एरवीपेक्षा थकलेला दिसला. कुजबुज ऐकू यावी म्हणून ते बरेच पुढे वाकले.

“काकू, मी परवाच बोललो असतो. यांना काल दोनदा बोलावलं. दोन्ही वेळा मी फाइल उघडली. एकदा घराची वास्तुशांत ठरली, एकदा मळ्यातल्या बंगल्याची. मळा तर माझ्या भावाचा आहे.” त्यांनी गुरुजींकडे बघितलं, पण चिडून नव्हे. “चूक माझीच. तुम्हालाच थेट सांगायला हवं होतं. येता जाता सांगण्यासारखं नव्हतं आणि बसायला वेळ काढला नाही.”

“सांगा.”

“गाठ साधी नव्हती. कॅन्सर आहे.”

वॉर्डात कुणीतरी खोकलं. नवसाबाईंनी खड्यांची बाटली उचलून पदराआड घेतली.

“पण थायरॉइडचा आहे,” डॉक्टर म्हणाले. “यात बहुतेक माणसं बरी होतात. धीर द्यायचा म्हणून सांगत नाही. आम्ही गाठीसकट सगळी ग्रंथी काढली आहे. पुढे एक औषध द्यावं लागेल, किरणोत्सारी आयोडिनचं. ते घेतल्यावर थोडे दिवस वेगळ्या खोलीत एकटं राहायचं, कुणी जवळ यायचं नाही. आणि रोज एक गोळी, कायमची.”

त्यांच्या खिशात फोन वाजू लागला. त्यांनी तो न बघताच बंद केला.

“आणि माझा आवाज?”

“येईल.”

“सविता म्हणते तसा येईल, की खरंच?”

“खरंच. शिरेला धक्का लागलाय, तुटलेली नाही. वेळ लागेल.”

लतिकाबाईंनी आणखी विचारलं. औषध कधी द्यायचं, मुलीला पुण्याहून बोलवावं का, केस जातात का, पुन्हा उलटतं का. डॉक्टरांनी एकेक करून सांगितलं, जे माहीत नव्हतं ते माहीत नाही म्हणून सांगितलं. लतिकाबाईंना भीती वाटत होती, खूप वाटत होती. पण कुणीतरी त्यांच्या तोंडाकडे बघून त्यांना त्यांचंच सांगत होतं, आणि त्या भीतीतही त्यांना त्याचं बरं वाटलं. निदान आता ती नेमकी कशाची ते कळलं होतं.

विचारून झाल्यावर त्यांनी मान वळवली. गुरुजी बसले नव्हते. खिडकीशी जाऊन पार्किंगकडे तोंड करून उभे होते.

“अहो,” लतिकाबाई म्हणाल्या. “ऐकलंत ना?”

गुरुजींनी वळून न बघता मान हलवली.

“मग इकडे या. बसा इथे.”

ते आले आणि पलंगाच्या कडेला बसले. हात मांडीवर ठेवले. काय करावं ते त्या हातांना सुचत नव्हतं. यशश्री मागे उभी राहून जमिनीकडे बघत होती. निकुंभ उठायच्या बेतात होते.

“बसा डॉक्टर,” लतिकाबाई म्हणाल्या. “तुमचं राहिलंच की. आईंचं वर्षश्राद्ध.”

“ते काय काकू, नंतर कधीतरी…”

“नंतर कशाला? आत्ताच विचारा यांना.”

डॉक्टरांनी त्यांच्याकडे बघितलं. मग गुरुजींकडे बघितलं आणि पुन्हा स्टुलावर नीट बसले.

“गुरुजी,” ते म्हणाले, “आई गेली ती मागच्या वर्षी. कार्तिकी एकादशी झाली आणि तीन दिवसांनी. तिथी कुठली धरायची?”

गुरुजींनी घसा साफ केला. उजव्या हाताचा अंगठा करंगळीच्या पेरावर टेकवला.

“कार्तिक शुद्ध एकादशी,” ते म्हणाले. “एकादशीनंतर… द्वादशी.” अंगठा एक पेर वर सरकला आणि थांबला. त्यांनी तो पुन्हा पहिल्या पेरावर आणला. “एकादशी. मग द्वादशी. मग…”

गल्लीतलं शेंबडं पोरही सांगेल असा हिशेब. गुरुजींनी तिसऱ्यांदा सुरुवात केली. ओठ हलले, पण अंगठा पेरावरून उचललाच गेला नाही.

लतिकाबाईंनी त्यांचा हात आपल्या हातात घेतला. त्यांच्या स्वतःच्या बोटांना मुंग्या होत्याच.

“चतुर्दशी,” त्या निकुंभांना म्हणाल्या. “वैकुंठ चतुर्दशी. सकाळी लवकर या, हेच करतील. मी तोवर घरी आलेली असेन.”

“हो,” गुरुजी म्हणाले. “चतुर्दशी.” आणि त्यांनी हात सोडवून घेतला नाही.